सगळे बोलले, रमाई सोडून

आजीनं टीव्हीकडं बोट केलं आणि विचारलं, "आरं, समदी तिच्याबद्दल बोलायल्यात. ती कवा बोलनार?"

२०२० सालचा पावसाळा होता. टाळेबंदीत ठेकेदारानं हजेरी बंद केली, गोदीतलं काम सुटलं. रे रोडच्या खोलीला कुलूप ठोकून मी अणदूरला आलो होतो. अंगात वीस वर्षं, हातात दहावीचा कागद, खिशात काही नाही. रात्री आमच्या गल्लीत ज्याच्या घरी टीव्ही त्याच्या घरी माणसं. तोंडाला रुमाल बांधून दारात, उंबऱ्यावर, ओट्यावर बसायची. 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर : महामानवाची गौरवगाथा'. स्टार प्रवाहवर २०१९ च्या मे महिन्यात सुरू झाली, २०२० च्या ऑक्टोबरात संपली. सागर देशमुख बाबासाहेब, शिवानी रांगोळे रमाई.

मालिकेला आधीच शिव्या घालत नाही. ज्या वेळेला या राज्यातल्या घराघरांत सासू-सुनांची भांडणं आणि दागिने चालतात, त्या वेळेला भिवा शाळेच्या दाराबाहेर तहानलेला उभा राहिला. आमच्या गल्लीतल्या म्हाताऱ्या त्या पोराकडं बघून डोळे पुसत होत्या. आपलं दुःख रोज ठरलेल्या वेळी टीव्हीवर येतंय, ही गोष्ट साधी नाही. त्याबद्दल जय भीम.

पण आजीचा प्रश्न माझ्या डोक्यातून जात नाही. आज मी सव्वीस वर्षांचा आहे. पुन्हा गोदीत आहे, खताची आणि डाळीची पोती उचलतो, रात्री कविता लिहितो. पोतं उतरवलं की पाठ मोकळी होते. हा प्रश्न उतरत नाही.

मालिका संपली आणि डोक्यात काय उरलं ते मी मोजलं. बाबासाहेब उरले. बोलणारे, लिहिणारे, भांडणारे, हरणारे, उठणारे. आणि रमाई उरली ती शेणाच्या गोवऱ्या थापताना, उपाशी झोपताना, लेकराला मांडीवर घेऊन दाराकडं बघताना. ती 'दिसली'. सासऱ्याला ती गुणी सून दिसली. शेजारणीला सोशिक दिसली. नवऱ्याला त्यागी दिसली. प्रेक्षकाला माउली दिसली. चार जणांनी चार बाजूंनी चार आरसे धरले आणि मधल्या बाईची पाठच आपल्याकडं राहिली.

एकट्या मालिकेचा हा गुन्हा नाही. मालिकावाल्यांनी आपल्याच घरातून माल उचलला. रमाईच्या ज्या गोष्टी आपण वर्षानुवर्षं जयंतीच्या स्टेजवर सांगतो त्या आठवा. शाहू महाराजांनी दिलेला फेटा साडीसारखा नेसून ती सत्काराला गेली, ही एक. धारवाडच्या वसतिगृहातली पोरं उपाशी आहेत म्हणून तिनं बांगड्या काढून दिल्या, ही दुसरी. तिला पंढरपूरला जायचं होतं आणि बाबासाहेब म्हणाले की जिथं आपल्याला लांबूनच दर्शन घ्यावं लागतं तिथं कशाला, आपण दुसरं पंढरपूर उभं करू, ही तिसरी.

आता या गोष्टी नीट बघा. फेट्याच्या गोष्टीचा शेवट काय? लोक थक्क झाले. बांगड्यांच्या गोष्टीचा शेवट काय? पोरं जेवली. पंढरपूरच्या गोष्टीचा शेवट काय? बाबासाहेबांचं वाक्य. गोष्ट रमाईची, शेवट दुसऱ्याचा. पंढरपूरला जाऊ नये हे आपल्याला पटलेलं आहे, त्यावर वाद नाही. पण ते वाक्य ऐकल्यावर ती काय म्हणाली? पटलं तिला? रागावली? रात्री पाठ करून झोपली? चार लेकरं मातीत घातलेली बाई देवाच्या पायाशी काय मागणार होती? रमेश, गंगाधर, इंदू, राजरत्न. नावं आपल्याला पाठ आहेत. त्या चारांच्या आईचा देवाशी काय झगडा होता, हे आपण कधी विचारलं नाही. आपल्याला त्या गोष्टीतून बाबासाहेबांचं वाक्य पाहिजे होतं. ते मिळालं, आपण उठलो.

माझी आजी खंडोबाच्या गावची. अणदूरचा खंडोबा वर्षातले दहाएक महिने अणदुरात आणि बाकीचे दिवस नळदुर्गात राहतो. कधी निघायचं, किती दिवस राहायचं, याचा दोन्ही गावांच्या मानकऱ्यांत करार होतो. देवाच्या मुक्कामाचासुद्धा करार. आजी म्हणायची, "देवाचं बरं हाय बाबा, त्येच्यासाठी दोन गावं भांडत्यात. बाईला कोन इचारतंय माहेरी किती दिस ऱ्हाणार म्हनून?" धर्मांतरानंतर घरातले टाक गेले, आजीनं खंडोबा सोडला. पण जागरणातली गाणी तिच्या डोक्यात शेवटपर्यंत होती. त्या गाण्यांत बानू आणि म्हाळसा एकमेकींशी तोंडाला तोंड देऊन भांडतात. धनगराची बानू गप्प बसत नाही, सवतीला सुनावते, देवालाही सुनावते. २०१४ साली 'जय मल्हार' मालिका आली तेव्हा अख्खं गाव टीव्हीसमोर होतं. मी तेव्हा शाळेत. आजी दोन आठवडे बघून म्हणाली, "गान्यातली बानू लई तिखट हुती. हिला गोड केली."

म्हणजे बघा. ज्या देवाला आम्ही सोडलं त्याच्या गाण्यात बाई बोलते. आणि ज्या चळवळीला आम्ही धरलं तिच्या स्टेजवर रमाई गप्प. याची लाज वाटली पाहिजे, दोस्तहो.

रमाई कोण होती? त्यागमूर्ती, माता, माउली हे सगळं बाजूला ठेवा. ती दाभोळच्या बंदरावरून माशांच्या टोपल्या वाहणाऱ्या हमालाची लेक होती. दापोलीजवळचं वणंद गाव, ७ फेब्रुवारी १८९८ चा जन्म. हे मला कळलं तेव्हा मी गोदीच्या गेटवर पाळी सुरू होण्याची वाट बघत होतो. अंगावर काटा आला. बंदरावरचा हमाल म्हणजे काय, हे मला पुस्तकात वाचावं लागत नाही. खांद्याची कातडी कशी जाड होते, घरात आलं की अंगाला मालाचा वास कसा येतो, तो वास पोरांना कसा ओळखू येतो. त्या पोरीनं बापाच्या अंगाचा मासळीचा वास घेतला असेल. आईबाप लहानपणीच गेले, भावंडांबरोबर मामा-काकांच्या आधारानं मुंबईला आली. १९०६ साली भायखळ्याच्या बाजारात लग्न लागलं. मासळीच्या टोपलीपासून बाजारातल्या लग्नापर्यंत सगळा प्रवास कष्टकऱ्याचा. पण आपण तिला कष्टकरी म्हणत नाही. माता म्हणतो. कष्टकऱ्याला मजुरी द्यावी लागते. मातेला हार घातला की भागतं.

नवरा १९१३ साली अमेरिकेला गेला. पुन्हा १९२० ते २३ लंडनला. इकडं परळच्या चाळीत घर कोण चालवत होतं? ज्वारी किती आणायची, उधारी कुणाची, औषध आधी का भाडं आधी, आजारी पोराला दवाखान्यात कुणी न्यायचं, हे रोजचे निर्णय कोण घेत होतं? हे निर्णय घ्यायला अक्कल लागते. नुसता त्याग करून चूल पेटत नाही. तंगीत घर चालवणं हे डोक्याचं काम आहे. आपण ते सगळं 'सोसलं' या एका शब्दात गुंडाळतो. लंडनमध्ये वाचलेल्या पुस्तकांची नावं आपण सांगतो, सांगावीत. परळमधल्या खर्चाच्या हिशेबाचं काय?

आणि अजून एक. १९२८ साली मुंबईत अस्पृश्य बायकांचं महिला मंडळ निघालं, रमाबाई आंबेडकर त्याच्या अध्यक्ष होत्या. अध्यक्ष! महाडचा सत्याग्रह नुकताच झालेला. १९२७ च्या डिसेंबरात बाबासाहेबांनी महाडला बायकांपुढं वेगळं भाषण केलं होतं. बायका उठल्या होत्या, मंडळ काढत होत्या, आणि त्या मंडळाच्या खुर्चीत रमाई बसली होती. आता सांगा, रमाईचं चित्र काढा म्हटलं तर आपल्यातला कुठला चित्रकार तिला सभेत खुर्चीवर बसलेली काढेल? शंभरातले नव्याण्णव जण डोक्यावर शेणाची पाटी काढतील.

पाटीबद्दल बोलू. ती खोटी नाही. १९२८ मध्येच 'बहिष्कृत भारत'मध्ये बाबासाहेबांनी स्वतः तिचा उल्लेख केला. आपण परदेशी असताना तिनं प्रपंच ओढला, परत आल्यावर गरिबीत तिनं शेणाचे भारे वाहिले, आणि अशा बाईला आपण दिवसातला अर्धा तासही देऊ शकलो नाही, असं त्यांनी चारचौघांत कबूल केलं. त्या लेखाचा विषय काय होता? ऋण. देणं-घेणं. समाजाचं माझ्यावर काय आणि माझं समाजावर काय, याचा रोखठोक हिशेब. त्या हिशेबात त्यांनी रमाईचं नाव घातलं. पुढं १९४० साली पाकिस्तानवरचा ग्रंथ त्यांनी रामूच्या स्मृतीला अर्पण केला, तेव्हाही आपल्या वाईट दिवसांत तिनं आपल्याबरोबर सोसलं, याची नोंद केली. तिला जाऊन पाच वर्षं झाली होती. २७ मे १९३५ ला ती राजगृहात वारली. वय सदतीस.

बाबासाहेबांनी कर्ज मान्य केलं होतं. आपण त्या कर्जाची आरती केली. फरक लक्षात घ्या. कर्ज मान्य केलं की फेडावं लागतं. आरती केली की काही फेडावं लागत नाही, उलट प्रसाद मिळतो. मालिकेनं हेच केलं, स्टेजवरच्या गायकानं हेच केलं, पुढाऱ्यानं हेच केलं. रमाईचं नाव कुठं नाही? घाटकोपरच्या वस्तीला आहे. ११ जुलै १९९७ ला तिथं पोलिसांच्या गोळीबारात १० माणसं गेली. सरकारच्या घरकुलाला आहे. आमच्या गावात आता 'रमाई' म्हणजे घरकुल. "तुमची रमाई मंजूर झाली का?" असं लोक विचारतात. नाव वस्तीवर, नाव फायलीवर, नाव गाण्यात. आवाज कुठंच नाही.

कुणी म्हणेल, बाबा, तिनं लिहून ठेवलं नाही तर मालिकावाले काय करणार? दुसऱ्यांच्याच आठवणींवरून उभी करावी लागणार. बरोबर. पण दुसरे म्हणजे कोण? आठवण सांगणारा कोण आहे यावर बाई ठरते. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी गावोगाव फिरून जात्यावरच्या लाखाच्या वर ओव्या गोळा केल्या. त्यात भीमरावाच्या, रमाईच्या ओव्या आहेत. बीड जिल्ह्यातल्या माजलगावच्या भीमनगरातल्या बायकांनी त्या गायल्या. त्या ओव्यांत रमाई देवी नाही, घरातली आहे. तिच्याशी बोलणं आहे. दळणाऱ्या बाईला रमाईच्या खांद्याचं दुखणं सांगावं लागत नाही, तिचाच खांदा दुखत असतो. आठवणीच वापरायच्या तर या वापरा. लेखकांच्या खोलीत अशी एक बाई बसवा. मग बघा रमाई काय बोलते.

आणि ज्या बाईनं स्वतः लिहिलं तिचं आपण काय केलं?

शांताबाई कांबळे. सोलापूर जिल्ह्यातलं महूद गाव, १९२३ चा जन्म. आमच्या अणदूरहून सोलापूर जवळ, म्हणून मी म्हणतो ही आमच्या बाजूची बाई. लहानपणीचं नाव नाजुका. १९४२ साली सोलापूर जिल्ह्यातली पहिली दलित शिक्षिका झाली. नवऱ्यानं दुसरी बायको केली तेव्हा घर सोडून माहेरी निघून आली. पुढं शिक्षण खात्यात विस्तार अधिकारी झाली. नोकरी संपल्यावर पेन उचललं. 'माज्या जल्माची चित्तरकथा' १९८३ मध्ये 'पूर्वा' मासिकात येऊ लागली, १९८६ ला पुस्तक झालं. आणि १९९० साली त्यावरून मुंबई दूरदर्शनवर मालिका आली, 'नाजुका'. म्हणजे दलित बाईच्या स्वतःच्या शब्दांवरून मालिका निघू शकते, हे तीसएक वर्षांपूर्वीच सिद्ध झालं होतं. मी ती पाहिली नाही, माझा जन्मच नव्हता. पण पुस्तक वाचलं. त्यात उपास आहे, विटाळ आहे, पण बाई रडत बसलेली नाही. ती सांगते. एकेक चित्र पुढं ठेवते, बघा म्हणते. तिच्या पुस्तकात ती कुणाची सावली नाही, कारण दिवा तिच्याच हातात आहे.

आता ऐका, या शांताबाई कुणाच्या आई? अरुण कांबळे यांच्या. दलित पँथरचा नेता, कवी, प्राध्यापक. पँथर १९७२ ला उभी राहिली. त्या काळात पोरांनी आईवर किती कविता लिहिल्या! आईचा पदर, आईची भाकर, आईच्या हाताच्या भेगा. आणि त्यातल्या एकाची आई शाळेत शिकवत होती, हजेरी घेत होती, निवृत्त झाल्यावर लिहू लागली. आणि ती काय सांगते? नवऱ्यानं दुसरी केली म्हणून मी घर सोडलं. पोरांच्या कवितेत हे कडवं नव्हतं. शांताबाई २०२३ च्या जानेवारीत गेल्या. आपल्यातल्या किती जणांच्या घरी तिचं पुस्तक आहे? खरं सांगा.

उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून दारोदार फिरल्या, चळवळीत वावरलेल्या बायकांना भेटल्या, विचारलं, लिहून घेतलं. १९८९ ला 'आम्हीही इतिहास घडवला' आलं. त्या नावातला 'ही' बघा. तो 'ही' आपल्यासाठी आहे. आपण विसरलो होतो म्हणून लिहावा लागला.

दुसऱ्याला बोललो, आता स्वतःला बोलतो. मीही एक कविता लिहिली होती मायवर. १४ एप्रिलला गावात वाचली. टाळ्या पडल्या. मी तिच्या हातांना फाटलेली जमीन म्हटलं होतं, तिला उन्हातलं झाड म्हटलं होतं. घरी आलो. माय भाकरी थापत होती. म्हणाली, "चांगलं वाचलास. पर ह्यात मी कुठं हाय?"

मी म्हटलं, "अगं, सगळी तुझ्यावरच हाय."

ती म्हणाली, "माझ्या हाताच्या भेगा मोजल्यास. मी चौथी पास हाय, हे लिवलंस का? रस्त्याच्या कामावर मुकादमानं वहीत दोन दिस कमी मांडले, तवा समद्या बायका गप बसल्या आन् मी वही हिसकून घेटली, पैसं काढलं, ते लिवलंस का? झाड काय म्हनतूस मला. झाड भांडत न्हाई."

मी गप्प. मग हळूच म्हटलं, "पण तू आमच्यासाठी त्याग केलास ना?"

"त्याग?" ती हसली. "मला कुठं करायचा हुता त्याग. दुसरा इलाज नव्हता म्हनून केलं. इलाज आसता तर म्या शिकले आसते."

ती कविता मी फाडली नाही. ठेवलीय. आपण काय करतो हे लक्षात राहावं म्हणून. बाईचा नाइलाज आपण उचलतो, त्याला त्याग हे नाव देतो, त्याची कविता करतो, आणि टाळ्या आपण घेतो. नाइलाज म्हटलं तर विचारावं लागतं, कुणामुळं नाइलाज? व्यवस्थेमुळं, जातीमुळं, मालकामुळं, आणि घरातल्या पुरुषामुळंही. त्याग म्हटलं की प्रश्न मिटतो. प्रस्थापितांना त्यागमूर्ती आवडते ती यासाठी. आपल्यालाही आवडायला लागली, हे भयंकर आहे.

तर माझं म्हणणं सरळ आहे. मालिकावाल्यांनी उद्या रमाई पुन्हा दाखवावी, जरूर दाखवावी. पण ती चुलीपुढं बसलेली असताना कॅमेरा दारातून आत येणाऱ्या नवऱ्यावर नको. तिच्या तोंडावर ठेवा. तिला चुकू द्या. तिला रागावू द्या, बाबासाहेबांवरसुद्धा. त्यानं बाबासाहेब लहान होत नाहीत. ज्या माणसानं स्वतः कबूल केलं की मी तिला वेळ देऊ शकलो नाही, त्याला तिच्या रागाची भीती नव्हती. भीती आपल्याला आहे.

आणि आपण काय करायचं? ७ फेब्रुवारीला आणि २७ मेला रमाईवर पुरुषांची भाषणं बंद. स्टेजवर बायका बसतील, पुरुष सतरंज्या अंथरतील आणि ऐकतील. आपल्यातल्या कवींनी एक वर्ष आईवर कविता लिहायची नाही, मी धरून. त्याऐवजी घरी जायचं आणि आईला विचारायचं. तुला पहिली मजुरी किती मिळाली? तू कुणाशी भांडलीस? तुला काय व्हायचं होतं? बापाचं काय आवडलं नाही? चळवळीचं काय आवडलं नाही? मोबाइल सगळ्यांकडं आहे, त्यात रेकॉर्ड करा. मग जसं बोलली तसं उतरवा. तिची भाषा शुद्ध करू नका, तिच्या शिव्या गाळू नका. आणि खाली नाव तिचं टाका.

आजी २०२३ च्या उन्हाळ्यात गेली. तिचं मी काही टिपून ठेवलं नाही. बानूची गाणी गेली, खंडोबा सोडला त्या दिवशी तिला काय वाटलं ते गेलं, टीव्हीपुढं ती अजून काय काय बोलली ते गेलं. आता तिच्याबद्दल आम्हीच बोलतो. आत्या म्हणते फार कडक होती, चुलता म्हणतो फार मायाळू होती, मी म्हणतो फार हुशार होती. तिघंही आपापलं बोलतोय. ती बोलत नाही.

मायचं चाळीस मिनिटं रेकॉर्ड केलंय. वहीत उतरवायला दोन रविवार लागले, तिसऱ्या रविवारी पुरं होईल. संपादकांना विनंती, पुढच्या अंकात माझ्या कवितेची जागा तिला द्या. वर तिचं नाव छापा. माझं नको.